भ्रम, भोवळ आणि चकवा

यवतमाळकडच्या एका भाऊंनी विचारलं आहे : "आमच्या आज्याला जागलीवरून (रात्रीच्या शेतराखणीवरून) परतताना चकवा लागला होता. घर हाकेच्या अंतरावर, पण रात्रभर तो फिरून फिरून एकाच धुऱ्यावर (शेताच्या बांधावर) येत राहिला. याला भास म्हणायचं की भ्रम? आणि मग आभास म्हणजे काय?"

आभास आधी निकालात काढतो, कारण त्या शब्दाने माझं डोकं उठवलं आहे. टाळेबंदीत कुणा हौशी भाषांतरकाराने ऑनलाइनला 'आभासी' केलं आणि तेव्हापासून आभासी वर्ग, आभासी मेळावा, आभासी ग्रामसभा असं सुरू झालं. ग्रामसभा आभासी असते हे गावाला आधीपासून ठाऊक होतं, पण ते निदान कुणी सूचनाफलकावर लिहीत नव्हतं. आभास म्हणजे असल्यासारखं दिसणं, पण नसणं. न्यायशास्त्रातला, म्हणजे जुन्या तर्कशास्त्रातला, हेत्वाभास हेतूसारखा दिसतो, पण हेतू नसतो. आरशातल्या प्रतिमेला पाठ्यपुस्तक आभासी म्हणतं ते बरोबर, कारण आरशामागे हात घातला तर हाताला काही लागत नाही. पण मोबाइलवर पोरांना खऱ्या शिव्या घालणारे गुरुजी आभासी कसे? ऑनलाइन हा शब्द आता आठवडी बाजारात भाजी विकणाऱ्या बाईलाही कळतो. तोच लिहा.

आता भास. मूळ धातू भास्, म्हणजे चमकणे. भास्कर त्यातलाच. मे महिन्यात डांबरी सडकेवर पुढे पाणी चमकतं. तापलेल्या हवेच्या थरांत प्रकाश वाकतो आणि आभाळच सडकेवर दिसतं. ते पाणी नाही हे माहीत असूनही दिसायचं थांबत नाही. हा भास. ते पाणी खरं समजून कुणी बादली घेऊन निघाला, तर तो भ्रम. तुमच्या प्रश्नाचं उत्तर इथे संपलं : आज्याला झाला तो भ्रम.

पण खरी गंमत भ्रम या शब्दातच आहे. भ्रम् या धातूचा पहिला अर्थ फसणे नाहीच, तो आहे फिरणे. पृथ्वीचं परिभ्रमण आणि माणसाचं भ्रमिष्ट होणं एकाच धातूचं. प्राकृतातून उतरताना 'भ्र'चा र गळाला, म चा व झाला, आणि मराठीत त्याचं अख्खं कुटुंब उभं राहिलं : भोवरा, भोवळ, भोवती, भोवणे. पोरं अंगणात फिरवतात तो भोवरा, नदीत ओढतो तोही भोवरा. उन्हात पऱ्हाटी निंदताना येते ती भोवळ. 'त्याला ते भोवलं' म्हणतो तेव्हा केलेलं कर्म फिरून त्याच्याकडेच आलेलं असतं.

म्हणजे हा शब्द घडला तेव्हापासूनच त्यात चकवा आहे. ज्याला भ्रम झाला तो गोल फिरतो.

आता चकवा हा शब्द घ्या. कोशाची पानं चाळणारे सांगतात : चकणे, चकवणे, त्यावरून चकवा, आणि मुळाशी चकित. मला हे अजिबात मान्य नाही. माझं म्हणणं, चकवा चक्रातून आला. चक्राचं चाक झालं खरं, पण शब्द लांबला की तो आ ऱ्हस्व होतो : चकली, चकती. चक्रवाक पक्ष्याला हिंदीत चकवाच म्हणतात. हिवाळ्यात आमच्याकडच्या तलावांवर उतरणारा तो नारिंगी बदक. चक्रवाकाचा चकवा होतो, तर रानातल्या चक्राचा का होऊ नये? शिवाय अर्थाकडे पाहा. भ्रमातून भोवळ, चक्रातून चक्कर. भ्रमातून भ्रमिष्ट, चक्रातून चक्रावलेला. दोन्ही घराणी एकाच वाटेने गेली आहेत. चकवणे हे क्रियापद मागाहून चकव्यावरून पडलं असावं, असं मी मानतो.

कुणी म्हणेल, आज्या गोल फिरला हे कशावरून? त्याला तर सरळ चालतोय असंच वाटत होतं. तेच तर! 2009 साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात यान साउमन हे संशोधक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जर्मनीतल्या जंगलात आणि ट्युनिशियातल्या सहारा वाळवंटात माणसांना सरळ चालायला सांगितलं. सूर्य दिसत होता तोवर ती बऱ्यापैकी सरळ गेली. आभाळ भरलेलं असताना जंगलात फिरलेली गोल गोल गेली, स्वतःचीच वाट ओलांडून गेली, आणि त्यांना पत्ताही लागला नाही. डोळे बांधून चालवलं तेव्हा काहींची वर्तुळं वीस मीटरांपेक्षा लहान निघाली. एक पाय आखूड असतो म्हणून असं होतं, हा जुना तर्कही टिकला नाही. तोच माणूस कधी डावीकडे वळे, कधी उजवीकडे. 'सरळ' ही दिशा मेंदू पावलागणिक अंदाजाने ठरवतो, आणि बाहेरची खूण नसली की त्या अंदाजातल्या बारीक चुका साचत जातात. माणूस वळतो तसं त्याचं 'सरळ'ही वळतं, म्हणून आतून काही कळत नाही.

आमच्याकडचे म्हातारे सांगतात, चकवा लागला की जागीच बूड टेकवायचं, तांबडं फुटल्याशिवाय उठायचं नाही. पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत याचा दोष भुलनवेलीवर, म्हणजे वाट भुलवते म्हणतात त्या वेलीवर, घालतात, कुठे भुतावर. कारण काहीही सांगोत, उपाय बिनचूक आहे : सूर्य येऊ द्या.

राहिले चकितवाले. संस्कृतात चकित म्हणजे दचकलेला, भ्यालेला. आपल्या रामटेकशी जोडलं जातं त्या मेघदूतातली यक्षपत्नी 'चकितहरिणीप्रेक्षणा' आहे, दचकलेल्या हरिणीसारखं पाहणारी. चकवा लागलेला माणूस असा दचकलेला असतो का? तो तर निर्धास्त घरी निघालेला असतो. दचकतो तो तिसऱ्यांदा तोच धुरा आला म्हणजे, आणि तोवर चकवा लागून गेलेला असतो.

एका विद्वानांनी मला चकवा हा 'चुकवा'चा अपभ्रंश म्हणून ठणकावलं आहे. चुकणे प्राकृतातही 'चुक्क' असंच उकारासकट होतं आणि वऱ्हाडात आजही वाट चुकतेच, चकत नाही. मधला उकार कुठे हरवला ते त्यांनी आधी सांगावं, मग पुढचं बोलू.