नाशिकमध्ये राहून, घडी करून गाडीवर नेता येईल असं एकट्या माणसाचं ट्राइक स्वतः बनवता येईल का?

तुम्ही लिहिलंय की मेकॅनिकलचा डिप्लोमा झालाय, वेल्डिंग चांगलं येतं, घरी १५० सीसीच्या बाईकचं इंजिन पडून आहे आणि त्यावर एक छोटं ट्राइक, म्हणजे हँग ग्लायडरसारख्या कापडी पंखाखाली टांगलेली इंजिनाची तीनचाकी गाडी, बनवून सुट्टीच्या दिवशी नाशिकच्या आसपास उडायचंय. माझं अंबडला जॉबवर्कचं वर्कशॉप आहे. एका मित्राबरोबर असंच एक ट्राइक बनवण्यात माझी चार वर्षं गेली. बनवता येतं. पण तुमच्या बेतातल्या तीन गोष्टी आत्ताच बदलाव्या लागतील: इंजिन, वेल्डिंग आणि नाशिक.

आधी इंजिन. आमचा हिशेब जसाच्या तसा देतो. पंख ३४ किलो, गाडी इंजिनासकट ५८, इमर्जन्सी पॅराशूट ८, मी हेल्मेट-जॅकेटसह ८३ आणि दहा लिटर पेट्रोलचे ७. एकूण १९० किलो. आमच्या हिशेबात वजनाच्या सातव्या भागाइतका हवेचा विरोध धरलाय, म्हणजे ताशी ६० किलोमीटरने सरळ उडायला साधारण २७ किलोचा रेटा लागतो. सेकंदाला दोन मीटर वर चढायचं तर आणखी २३ किलो. अशा वेगाला छोटा पंखा (प्रोपेलर) इंजिनाच्या ताकदीतली फार तर ५५ टक्के कामी लावतो. गणित मांडलं की नुसतं सरळ उडायला ११ हॉर्सपॉवर आणि चढायला २० लागतात.

तुमचं इंजिन नवं असताना १४ हॉर्सपॉवरचं होतं, तेही मिनिटाला ८५०० फेऱ्यांवर. त्यात नाशिक समुद्रसपाटीपासून साधारण ६०० मीटर उंच. मे महिन्यात ३८ अंश तापमानाला इथली हवा समुद्रकाठच्या प्रमाण हवेच्या ८६ टक्केच दाट असते, म्हणजे १४ चे १२ राहतात. पंखालाही विरळ हवा जाणवते, उडायला वेग जास्त लागतो आणि धाव लांबते. असं यान जमीन सोडेलही, पण शेताच्या टोकाला असलेल्या निलगिरीच्या वर जाणार नाही. शिवाय बाईकच्या इंजिनासोबत गिअरबॉक्सचं वजन येतं आणि मिनिटामागून मिनिटं पूर्ण थ्रॉटलवर चालण्यासाठी ते बनवलेलंच नसतं. पॅरामोटरसाठी बनवलेली टू-स्ट्रोक इंजिनं पाहा. १८५ सीसीच्या वर्गात साधारण २५ हॉर्सपॉवर मिळतात आणि वजन पंधरा किलोच्या आसपास असतं. रिडक्शन, म्हणजे पंख्याच्या फेऱ्या इंजिनापेक्षा कमी करणारी जोडणी, मात्र हवंच. सव्वा मीटरचा पंखा थेट ८००० फेऱ्यांनी फिरवला तर त्याची टोकं आवाजाच्या वेगापुढे जातात. मग नुसता आवाज होतो, रेटा मिळत नाही.

टू-स्ट्रोकबद्दल एक इथलीच गोष्ट. आमचा कार्ब्युरेटर मे महिन्यात सेट केला होता. डिसेंबरात निफाडकडे द्राक्षबागांत शेकोट्या पेटवायची वेळ येते, इतकी थंडी पडते. थंड हवा दाट असते, कार्ब्युरेटरमधलं पेट्रोलचं भोक (जेट) तेवढंच राहतं, मिश्रण पातळ होतं म्हणजे हवेच्या मानाने पेट्रोल कमी पडतं आणि पिस्टन जॅम होऊ शकतो. थंडीत पहिल्यांदा स्टार्ट केल्यावर एक्झॉस्टचं तापमान चढताना मीटरवर दिसलं म्हणून आमचं इंजिन वाचलं. तो मीटर नक्की बसवा.

आता वेल्डिंग. तुमचा हात चांगला असेल, माझाही वाईट नव्हता. गाडी पूर्ण झाल्यावर वर्कशॉपच्या गर्डरला चेनपुलीने हँग बोल्टवर (ज्या बोल्टने ती पंखाला लटकते त्यावर) टांगली आणि सीटवर वाळूची पोती रचायला सुरुवात केली. ब्रिटिश मायक्रोलाइटच्या (अशा छोट्या, हलक्या विमानांच्या) निकषांप्रमाणे उड्डाणात चौपट भार धरतात आणि त्यावर दीडपट सुरक्षा, म्हणजे सहापट. माझ्या ८३ किलोंसाठी २५ किलोची वीस पोती. चौदावं पोतं ठेवताना सीटचा मागचा ब्रॅकेट वाकला. वेल्ड शाबूत होता, त्याच्या शेजारचा धातू गेला होता. ६०६१-टी६ अॅल्युमिनियमची ताकद उष्णतेच्या संस्कारातून येते. वेल्डच्या आचेने आजूबाजूच्या पट्ट्यातला तो संस्कार उतरतो आणि धातू मऊ पडतो. वरून काहीच दिसत नाही. त्यानंतर आम्ही अॅल्युमिनियमवर एकही वेल्ड ठेवला नाही. सगळे जोड स्लीव्ह (पाइपच्या आत बसणारी नळी), गसेट (जोडावरची पट्टी) आणि बोल्टचे केले, आणि वेल्ड लागतोच तिथे क्रोमोली स्टील वापरलं. पाइप घेताना मटेरिअल सर्टिफिकेट मागा. स्लायडिंग खिडक्यांना वापरतात ते ६०६३ सेक्शन दिसायला तसंच, स्वस्त आणि सहज मिळणारं असतं, पण त्याची ताकद जवळजवळ निम्मी.

तिसरं नाशिक, आणि इथेच 'घडीचं' या शब्दाला अर्थ येतो. ओझरला एचएएल आणि वायुसेना, गांधीनगरला लष्कराच्या हेलिकॉप्टर वैमानिकांचं प्रशिक्षण, देवळालीला तोफखान्याचं स्कूल आणि फायरिंग रेंज. नकाशावर ही तीन वर्तुळं काढा आणि किती मोकळं आकाश उरतं ते पाहा. इंटरनेटवर तुम्ही अमेरिकेचा ११५ किलोचा नियम वाचला असेल, लायसन्स नको, नोंदणी नको. तो त्यांचा पार्ट १०३, १९८२ पासूनचा. भारतात तो लागू नाही. इथे मायक्रोलाइट आणि पॉवर्ड हँग ग्लायडरसाठी डीजीसीएचे (नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाचे) वेगळे नियम आहेत, सुरक्षेच्या परवानग्या लागतात आणि वैमानिकाचं प्रशिक्षण लागतं. कागद आधी, पाइप नंतर. आमचं ट्राइक नाशिकच्या आकाशात एकदाही उडालेलं नाही. ते दुसऱ्या जिल्ह्यातल्या परवानगी असलेल्या धावपट्टीवर जातं आणि म्हणूनच ते घडीचं आहे. सीट पाडून कारच्या मागच्या भागात ट्राइक, टपावर साडेपाच मीटरचा पंखाचा गुंडाळा.

घडीचं करायला फक्त बिजागऱ्या लावायच्या, असं सुरुवातीला आम्हालाही वाटलं होतं. मधला खांब सीटमागे आडवा होतो, पुढचा स्ट्रट निघतो, मागची चाकं आत मिटतात. ड्रॉइंग चार महिन्यांत झालं. खरा प्रश्न नंतर कळला. घडीचं विमान प्रत्येक उड्डाणाआधी शेतात, एकट्याने, नव्याने जोडलं जातं. कारखान्यात विमान एकदा जोडतात आणि तीन माणसं तपासतात. इथे वारा सुटायच्या आत उडायची घाई असते, कोणीतरी गप्पा मारायला येतं, फोन वाजतो.

तिसऱ्यांदा जोडताना तेच झालं. उजव्या चाकाच्या स्ट्रटची पिन बसवली आणि तिची सेफ्टी रिंग लावायची राहिली. नुसतं जमिनीवर तीनशे मीटर टॅक्सी करून थांबलो तर पिन नखभर बाहेर आलेली. मी बराच वेळ तिथेच बसून होतो. चूक माझीच होती, पण ती करायला जागा आमच्या डिझाइनने ठेवली होती. आमच्याकडे ४५ आणि ५० मिलिमीटर अशा दोन लांबीच्या पिना होत्या, हातात घेतल्या तर फरक कळायचा नाही. सगळं ड्रॉइंग पुन्हा काढलं. आता सातही पिना एकाच मापाच्या आहेत, प्रत्येक पिन आपापल्या जोडाला वायरने बांधलेली आहे आणि पूर्ण बसली तरच तिच्यावरचा लाल पट्टा झाकला जातो. दहा पावलांवरून एक फेरी मारली की लाल दिसतंय का ते कळतं. खांबातून एक स्टीलची वायर हँग बोल्टपासून सीटपर्यंत नेली आहे, खांब तुटला तरी माणूस पंखाला लटकलेला राहावा म्हणून. या बदलांनी वजन दीड किलोने वाढलं. ट्राइकमधलं सर्वांत मोलाचं वजन मी तेच मानतो.

पंख मात्र घरी शिवू नका. अमेरिकन इंजिनिअर फ्रान्सिस रोगॅलो आणि त्यांच्या पत्नी गर्ट्रूड यांनी १९४८ मध्ये ज्या लवचीक पंखाच्या पेटंटसाठी अर्ज केला, त्यातून ही सगळी जात आली. दिसायला ते कापड आणि पाइप, पण ट्राइकला शेपूट नसल्यामुळे नाक सावरण्याचं सगळं काम पंखाच्या पिळात असतं. टोकं मधल्या भागापेक्षा कमी कोनात ठेवलेली असतात आणि किंग पोस्टवरून (पंखावरच्या उभ्या खांबावरून) येणाऱ्या दोऱ्या यान खाली सूर मारतं तेव्हा मागची कड वर धरून ठेवतात. शिवणीत थोडा फरक पडला तर नाक खाली गेलेलं यान वर येण्याऐवजी कोलांटी घेतं, आणि त्यातून सहसा कोणी वाचत नाही. इंजिनासाठी आणि तुमच्या एकूण वजनासाठी मान्य असलेला पंख विकत घ्या. डोंगरावरून उडायचा जुना हँग ग्लायडर स्वस्तात मिळतोय म्हणून त्याखाली गाडी टांगू नका.

त्याही आधी दोन सीटच्या ट्राइकवर प्रशिक्षकाबरोबर शिका. पंखाला जोडलेला, हातात धरायचा दांडा पुढे ढकलला की नाक वर जातं, डावीकडे नेला की यान उजवीकडे वळतं. बाईकची सवय असलेल्या हातांना हे उलटं वाटतं. स्वतः उडवल्यावर सीट कुठे हवी, थ्रॉटल कोणत्या पायाशी हवा, हे ड्रॉइंगवर आपोआप बदलतं. माझं पहिलं ड्रॉइंग शिकण्याआधीचं होतं, त्यातलं जवळजवळ काहीच उरलं नाही.

हे शिक्षण आणि कागद चालू असताना हातांना काम हवं असेल तर एकच जोड बनवा. ६०६१-टी६ ची पाइप, आत घट्ट स्लीव्ह, रीमर मारून नेमक्या मापाचं केलेलं भोक, त्यात स्टीलचा बुश (छोटी नळी) आणि एक पिन. तो दोनशे वेळा उघडा आणि लावा, मधूनमधून त्यावर धूळ-माती पडू द्या, शेतात पडते तशी. मग बोअर गेजने भोक मोजा. ०.१ मिलिमीटरहून जास्त वाढलं असेल तर बुश बदलून पुन्हा दोनशे वेळा करा. तो जोड जमला की त्याचे फोटो आणि मापं इथे टाका, मी नक्की पाहीन.