नणंद, निस्कावुओरी आणि वयाची पन्नाशी

प्रश्न: ताई, मी इंदूरला स्नेहलतागंजात राहते, वय 48. गणपतीत कॉलनीसाठी नाटुकली लिहिते, आता सिनेमाची स्क्रिप्ट लिहायला घेतलीय. पण पुण्याची नणंद म्हणते तुमचं मराठी म्हणजे अर्धं हिंदी, आणि या वयात कोण विचारणार? फिनलंडमधली कुणी बाई उशिरा लिहायला लागून खूप गाजली म्हणे, खरं का?

उत्तर: अगदी खरं. हेला वुओलियोकी. पण लिहायला उशिरा लागली असं नाही हं, आधीही लिहायची, गाजली मात्र पन्नाशीला टेकल्यावर. आणि नणंदबाईंना हे आवर्जून सांगा की फिनिश तिची मातृभाषाच नव्हती, जन्म 1886 चा, एस्टोनियातला, 1904 ला शिकायला हेलसिंकीला आली आणि तिथलीच झाली. मधे लाकडाचा धंदा केला, शेती केली, नवऱ्यापासून वेगळी झाली. डाव्या विचारांची म्हणून बदनाम होती, त्यामुळे 1936 ला ‘निस्कावुओरीच्या बायका’ हे नाटक तिने युहानी तेर्वापॅ अशा पुरुषी नावाने दिलं, आणि ते तुफान चाललं!

त्यात आहे काय तर चक्क तिचं सासर. फिनलंडच्या हामे भागातलं निस्कावुओरी हे मोठं शेतकरी घराणं, सगळं मुठीत ठेवणारी म्हातारी मालकीण, जमीन टिकावी म्हणून मुलाचं लग्न पैसेवाल्या घरात लावलेलं आणि तो गावात नव्या आलेल्या मास्तरणीच्या प्रेमात, शेवटी घर सोडून जातो. आपल्याकडे असलं एखादं घर दाखवायला फार लांब जावं लागणार नाही. या घराण्यावर तिने पुढे हे धरून पाच नाटकं पुरी केली, सिनेमेही निघाले.

दुसरी गंमत तिच्या आणखी एका नाटकातल्या हुल्डाची. खेड्यातली पोरगी कामाच्या शोधात हेलसिंकीला येते, रात्री बागेत खासदारांच्या टोळक्याला भेटते, त्यातल्याच एकाच्या घरी मोलकरीण होते आणि अभ्यास करून राजकारणात उतरते. 1937 ला नाटक आणि त्याच वर्षी सिनेमा, मग 1947 ला हॉलिवूडने हीच गोष्ट उचलून नायिका स्वीडिश वंशाची केली आणि लोरेटा यंगला त्यासाठी ऑस्कर मिळालं.

1940 ला प्रसिद्ध जर्मन नाटककार ब्रेख्त तिच्या मार्लेबॅकच्या शेतावर राहायला होता, त्याचं पुंटिला नावाच्या जमीनदारावरचं नाटक तिच्याच गोष्टींवरून आलंय, पण जगात नाव कुणाचं झालं ते तुम्हाला माहितीच आहे. 1943 ला एका सोव्हिएत हेर बाईला आसरा दिला म्हणून तिला जेल झाली, 1944 ला सुटली आणि 1945 ला थेट फिनलंडच्या रेडिओची प्रमुख! असलं करिअर मी तरी दुसरं पाहिलं नाही.

तर तुमच्या पात्रांना इंदुरी मराठीच बोलू द्या, राजवाड्यावरचा माणूस सदाशिव पेठेसारखा बोलला तर उलट खोटं वाटेल. फक्त स्क्रिप्ट कुणाला वाचायला देण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे रजिस्टर करा, ऑनलाइन होतं. आणि नणंदेचं पात्र घातलंत तर गाव तेवढं बदला.