काजळी, कन्सेंट आणि कायदा : वाचकांचे प्रश्न

(हवेच्या प्रदूषणाबद्दलच्या प्रश्नांना उत्तरं देणाऱ्या लेखिका सरकारी प्रयोगशाळेतून हवेचे नमुने तपासण्याच्या कामावरून निवृत्त झाल्या आहेत.)

गावाजवळ साखर कारखाना आहे. गाळप सुरू झालं की गच्चीवर, वाळवणावर, दोरीवरच्या कपड्यांवर काजळी पडते. ग्रामपंचायतीने ठराव केला, तहसीलदारांना निवेदन दिलं. पुढे काय करायचं?
– एक वाचक, सांगली जिल्हा

ठराव उत्तम, पण तो गेला भलत्याच टेबलावर. तहसीलदार फार तर तुमचं निवेदन पुढे पाठवतील. तक्रार थेट महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या उपप्रादेशिक अधिकाऱ्याकडे करा, आणि ती हंगाम चालू असतानाच करा. मे महिन्यात आलेल्या तक्रारीवर आम्ही काय करणार? धुराडं थंड, मोजायला काहीच नाही.

तुमच्याकडे पडते ती अर्धवट जळालेल्या बगॅसची, म्हणजे उसाच्या चोथ्याची राख. बगॅस हलका असतो. तो जास्त ओला असला किंवा भट्टीत हवेचं गणित बिघडलं की पुरता जळत नाही आणि काळे कण धुराबरोबर वर जातात. ते अडवायला स्क्रबर (पाण्याने धूर धुणारं यंत्र) किंवा ईएसपी (विजेच्या भाराने कण ओढून धरणारं यंत्र) बसवलेला असतो. पण यंत्र बसवणं वेगळं आणि चालवणं वेगळं. चालवायला खर्च येतो. काजळीच्या तक्रारी रात्रीच्या का जास्त असतात, याचा विचार तुम्हीच करा.

1981च्या हवा कायद्याच्या कलम 21नुसार कारखान्याला मंडळाची संमती घ्यावी लागते. कारखान्यात सगळे तिला ‘कन्सेंट’च म्हणतात. मंडळाच्या संकेतस्थळावर संमतीपत्रं असतात. तुमच्या कारखान्याचं तिथे मिळालं नाही तर माहितीच्या अधिकारात मागा. धुराड्याची उंची, इंधन, धूळ पकडायची यंत्रणा आणि धुरात किती धूळ चालेल, हे सगळं त्यात लिहिलेलं असतं. साखर कारखान्यांसाठी 2016पासून ही मर्यादा घनमीटरला 150 मिलिग्रॅम आहे. तक्रारीत संमतीपत्राच्या अटीचा क्रमांक घाला, सोबत तारीख, वेळ आणि वारा कुठून होता ते लिहा. “खूप धूर येतो” या वाक्यावर कोणी शिडी चढत नाही.

शिडीवरून आठवलं. धुराड्याला वर एक भोक ठेवलेलं असतं, त्यातून नळी आत घालून नमुना घ्यायचा असतो. शिडी गंजलेली, मचाण डुगडुगतं, आणि कारखान्याचा माणूस खालून विचारतो, “मॅडम, चहा घेऊन मग चढता का?” चहा होईपर्यंत स्क्रबरचा पंप सुरू झालेला असतो. शिवाय कोर्टात टिकेल असा नमुना हवा असेल तर कलम 26नुसार आधी कारखान्याला नोटीस द्यावी लागते. म्हणून तुमच्या रोजच्या नोंदी आमच्या एका नमुन्यापेक्षा कधी कधी जास्त बोलतात.

मूळ कायद्यात मंडळाच्या हाती खटल्यापलीकडे फारसं नव्हतं. भोपाळनंतर, 1987च्या दुरुस्तीने कलम 31अ आलं आणि उद्योग बंद करण्याचा, वीज-पाणी तोडण्याचा आदेश देता येऊ लागला. खटल्याच्या समन्सला कारखाने वकील पाठवत, वीज तोडण्याच्या नोटिशीला मात्र मालक स्वतः यायचे. साखर कारखान्यापुढे हे हत्यारही बोथट पडतं, कारण बरेच कारखाने आपली वीज आपणच तयार करतात. आणि ऐन हंगामात गाळप थांबवलं तर ऊस तुमच्याच गावाचा शेतात उभा राहणार. म्हणून बँक गॅरंटी घेणं आणि अट मोडली की ती जप्त करणं, हा मार्ग जास्त चालतो. अशी भरपाई किंवा गॅरंटी मंडळ कलम 31अखाली घेऊ शकतं, असं सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2025मध्ये स्पष्ट केलं आहे. ठरावात नेमकं हेच मागा.

तुरुंगाची भीती घालू नका. दीड ते सहा वर्षांच्या कैदेची जुनी तरतूद जाऊन जनविश्वास कायद्यामुळे 1 एप्रिल 2024पासून 10 हजार ते 15 लाख रुपयांपर्यंतचा दंड आला आहे. तो सचिव दर्जाचा अधिकारी ठरवतो आणि त्याच्याकडे सामान्य माणूसही तक्रार करू शकतो. खटल्यांची वर्षानुवर्षांची रखडपट्टी पाहिल्यावर मला हा बदल वाईट वाटत नाही. पण मोठ्या कारखान्याला 10 हजार म्हणजे काय, हे सांगायला नको.

1981च्या आधी धुराला कायदाच नव्हता का? आणि हवा तर राज्याराज्याची, मग कायदा दिल्लीचा कसा?
– एक शिक्षिका, सोलापूर

होता की! मुंबईत गिरण्यांच्या धुरासाठी 1912चा कायदा होता, कलकत्त्यात त्याआधी 1905चा. राज्यात पुढे बाष्पकांच्या, म्हणजे बॉयलरच्या, मुख्य निरीक्षकाच्या पदनामातच ‘धूर उपद्रव’ही जोडलेला होता. त्या काळी धूर डोळ्यांना दिसेल तेवढाच गुन्हा.

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर स्टॉकहोममध्ये आहे. 1972च्या तिथल्या संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण परिषदेला इंदिरा गांधी गेल्या होत्या. पाणी हा राज्यांचा विषय, म्हणून 1974च्या पाणी कायद्यासाठी राज्यांचे ठराव घ्यावे लागले. हवेच्या वेळी संसदेने आंतरराष्ट्रीय परिषदेतल्या निर्णयांच्या अंमलबजावणीसाठीचं राज्यघटनेचं कलम 253 वापरलं. 16 मे 1981ला कायदा लागू झाला. महाराष्ट्रात 1983मध्ये काही भाग ‘वायू प्रदूषण नियंत्रण क्षेत्र’ जाहीर झाले, सबंध राज्य व्हायला 1996 उजाडलं.

चाळीसहून जास्त वर्षांत या कायद्याने हवा सुधारली का? हिवाळ्यात मुंबईत समोरची इमारत दिसत नाही.
– एक वाचक, चेंबूर

धुराडी सुधारली, शहरं नाहीत. हा कायदा कारखान्याभोवती रचलेला आहे. संमती द्यायला त्याला गेट, मालक आणि पत्ता लागतो. रस्त्यावरच्या धुळीला, कचऱ्याच्या आगीला कोण संमतीपत्र देणार?

जे ठळक बदल झाले ते बरेचसे दुसऱ्या वाटेने आले. 2000 साली देशभर पेट्रोलमधलं शिसं गेलं. मुंबईच्या टॅक्सी सीएनजीवर आल्या त्या उच्च न्यायालयातल्या 1999च्या जनहित याचिकेनंतर. धुराचे कडक निकष पाळणाऱ्या बीएस-6 गाड्या 1 एप्रिल 2020पासून आल्या. बेकऱ्यांच्या लाकूड-कोळशाच्या भट्ट्यांवरही 2025मध्ये न्यायालयालाच बोलावं लागलं.

2009च्या राष्ट्रीय मानकांत सूक्ष्म धुळीची, म्हणजे पीएम 2.5ची, वार्षिक मर्यादा घनमीटरला 40 मायक्रोग्रॅम आहे, जागतिक आरोग्य संघटनेची 5. पण शहराने 40 ओलांडले म्हणून शिक्षा कोणाला? कायद्यात याला सरळ उत्तर नाही. 2019चा राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रम तर नुसता कार्यक्रम आहे, त्याला कायद्याचं बळ नाही. त्याचा पैसा बऱ्याच ठिकाणी रस्ते झाडण्याच्या यंत्रांत गेला, कारण धूळ झाडणं सोपं. चंद्रपूरसारख्या ठिकाणी कोळशाच्या धुराशी भिडणं अवघड. वीज केंद्रांच्या गंधक वायूची मर्यादा डिसेंबर 2015मध्ये ठरली, मुदती वाढत गेल्या, आणि जुलै 2025मध्ये बहुतेक केंद्रांना गंधक काढायची यंत्रणा बसवण्यातूनच सूट मिळाली. माझ्या मते या कायद्याच्या इतिहासातली ही सर्वांत मोठी माघार आहे.

डीजेचा आवाजही हवा कायद्यात येतो, हे खरं का?
– एक विद्यार्थी, नाशिक

खरं. 1987च्या दुरुस्तीने प्रदूषकाच्या व्याख्येत आवाज घातला. पण मिरवणुकीच्या दिवशी मंडळाला नव्हे, पोलिसांना फोन करा. ध्वनी नियम 2000 सालचे आहेत आणि रात्री 10 नंतरची बंदी त्यांतच आहे.