रीमा लागू म्हणजे फक्त हिरोची आई का?

प्रश्न : माझ्या मुलीच्या वयाच्या पोरांना रीमा लागू म्हटलं की सलमानची आई एवढंच आठवतं. त्या आधी नाटकात होत्या ना? आणि एवढ्या चांगल्या नटीला कायम आईचेच रोल का मिळाले? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : हो, नाटकातूनच आल्या त्या. मूळ नाव नयन भडभडे, जन्म १९५८ चा, शाळा पुण्याची हुजूरपागा, आई मंदाकिनी भडभडे स्वतः रंगभूमीवरच्या अभिनेत्री, म्हणजे घरातच नाटक. सुरुवातीची बरीच वर्षं बँकेतली नोकरी सांभाळून त्या काम करत होत्या. जयवंत दळवींच्या 'पुरुष'मधली त्यांची अंबिका ज्यांनी पाहिलीय ते लोक अजून त्याबद्दल बोलतात. १९७९ च्या 'सिंहासन'मध्ये पण त्या आहेत, परत बघा.

आता आईचं. 'कयामत से कयामत तक' आला १९८८ ला, त्यात त्या जुहीची आई, आणि वय किती तर तिशीसुद्धा पूर्ण नव्हती! पुढच्या वर्षी 'मैंने प्यार किया', तिथे सलमान त्यांच्याहून जेमतेम साडेसात वर्षांनी लहान. पिक्चर तुफान चालला आणि मग निर्मात्यांना सोपं झालं, प्रेमळ आई हवी की रीमाताईंना फोन. मला याचा खरंच राग येतो, कारण हिरो पन्नाशीपर्यंत कॉलेजात जातो आणि बाईला तिशीतच सासू करून टाकतात. फिल्मफेअरला सहाय्यक अभिनेत्रीचं नॉमिनेशन चार वेळा मिळालं, अवॉर्ड एकदाही नाही.

पण त्याच साच्यात त्यांनी काय केलं ते 'वास्तव'मध्ये दिसतं (१९९९, महेश मांजरेकर). संजय दत्त त्यांच्याहून वर्षभरानेच लहान, तरी ती शांता त्याची आई आहे यावर एक क्षणही शंका येत नाही. शेवटी गँगस्टर झालेला मुलगा पार खचलेला, सुटका कर म्हणून विनवतोय आणि ही त्याला गोळी घालते, त्या वेळचा त्यांचा चेहरा बघा. रडूनओरडून केलं असतं तर सगळा सीन फुकट गेला असता, त्यांनी तो आतल्या आत दाबून धरला आणि म्हणूनच तो आपल्याला जास्त लागतो.

प्रश्न : टीव्हीवरचं कुठलं काम बघावं?

उत्तर : टीव्हीने त्यांना हसवायला दिलं, जे हिंदी सिनेमाने फारसं दिलंच नाही. 'श्रीमान श्रीमती'मधली कोकिळा कुलकर्णी, स्वतःचा नवरा शेजारणीवर लट्टू आणि शेजारणीचा नवरा हिच्यावर, त्यात रीमाताईंचं टायमिंग असं की समोर नवऱ्याच्या कामात जतीन कनाकिया असूनही नजर त्यांच्यावरच जाते. मग 'तू तू मैं मैं'ची सासू देवकी, दिग्दर्शन सचिन पिळगावकरांचं आणि सून सुप्रिया. दोन मराठी बायका हिंदीत भांडतायत आणि अख्खा देश हसतोय, काय मजा यायची! 'नामकरण'मध्ये मात्र एकदम उलट, करारी आणि कपटी दयावंती, ते काम मे २०१७ मध्ये त्या गेल्या तोवर चालूच होतं.

मुलीला दाखवायचं असेल तर आधी 'श्रीमान श्रीमती'चे दोन-तीन भाग दाखवा आणि लगेच दुसऱ्या दिवशी 'वास्तव', मध्ये फार दिवस जाऊ देऊ नका.