जुन्या वाड्यात फायबर घेताना आतलं वायरिंग कशाचं करावं?

दांडिया बाजारात तीन मजली जुना वाडा, खाली काकांचं ऑफिस, वर दोन बिऱ्हाडं. फायबरचं कनेक्शन येऊ घातलंय. तर गच्चीपर्यंत फायबरच ओढावी का, आणि दुकानातून कोणता माल आणावा, असा तुमचा प्रश्न. मी बडोद्यात केबलिंगचीच कामं करतो आणि असल्या वाड्यांच्या भिंतींत ड्रिलची बरीच बिटं मोडून झाली आहेत, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

गच्चीपर्यंत फायबर नको. कंपनीची फायबर एकाच जागी येऊ द्या, तिथे ओएनटीचा डबा (फायबरमधल्या प्रकाशाचं नेट करून देणारा) बसू द्या, आणि पुढे प्रत्येक मजल्याला कॅट-सिक्स, म्हणजे तांब्याची नेटवर्क वायर. कॅट-सिक्सवर 100 मीटरपर्यंत एक गिगाबिट बिनबोभाट मिळतं. तुमच्याकडे जिन्याच्या वळणांसकट चाळीस मीटर म्हणजे डोक्यावरून पाणी. दर मजल्याला एक ॲक्सेस पॉइंट (वायफाय देणारा डबा) लावा. दीड-दोन फुटी विटांच्या भिंतीतून वायफाय आरपार जाईल ही आशा सोडा.

अपवाद एकच. चौकापलीकडच्या खोल्यांना लाइटचं मीटर वेगळं असेल, किंवा वायर उघड्यावरून जाणार असेल, तर तेवढ्या टप्प्यात फायबर घाला. काचेतून वीज वाहत नाही, त्यामुळे पावसाळ्यात एकीकडे बसलेला झटका दुसरीकडच्या स्विचपर्यंत पोचत नाही. मात्र आत पोलादी तार असलेली ड्रॉप वायर (बाहेरून ओढायची फायबरची वायर) घेतलीत तर हा फायदा गेलाच. तारेऐवजी एफआरपीच्या, म्हणजे धातू नसलेल्या, काड्यांची मागा. तिथे मीडिया कन्व्हर्टरची जोडी लागते, म्हणजे फायबर आणि कॅट-सिक्स यांना जोडणारे दोन डबे. एका कोअरवर (काचेच्या एकाच तंतूवर) चालणाऱ्या जोडीतला एक डबा 1310 नॅनोमीटरवर बोलतो आणि 1550 वर ऐकतो, दुसरा नेमका उलटा; एक ए, दुसरा बी. दुकानदार घाईत दोन्ही ए देतो. मग दोघंही एकाच सुरात बोलत बसतात आणि ऐकायला कुणीच नाही. एक ए, एक बी, हे डब्यावर वाचूनच पैसे द्या.

कॅट-सिक्समध्ये फसवणूक होते ती सीसीएची. वरून तांब्याचा मुलामा, आत ॲल्युमिनियम. नखाएवढ्या ब्लेडनं तार खरवडा. आत पांढरी चमकली तर परत करा. 305 मीटरचं खोकं उचलून पाहिलं तरी हाताला कळतं, सीसीएचं फारच हलकं लागतं. तुमचे ॲक्सेस पॉइंट त्याच वायरीतून वीज घेणार, म्हणजे पीओई. सीसीएत ती वाटेतच गळते आणि सगळ्यात वरच्या मजल्यावरचा ॲक्सेस पॉइंट आपोआप बंद-चालू होत राहतो. मग लोक डबा बदलतात.

आता फायबरकडे. हिची भीती लोकांना चुकीच्या जागी असते. काच आहे, तुटेल, म्हणून घाबरतात. ती सहसा तुटत नाही, ती वाकते, आणि वाकली की आतला प्रकाश वळणावर कडेनं बाहेर निसटतो. साध्या जी-652 फायबरला 30 मिलिमीटरपेक्षा लहान त्रिज्येचं वळण देऊ नये. घरात वापरायच्या जी-657-ए2 ला 7.5 मिलिमीटरपर्यंत चालतं. तुमच्या वाड्यात कोपरे आणि चौकटी भरपूर आहेत, तेव्हा वायरवर छापलेलं वाचा, ए2 च घ्या.

एक प्रसंग सांगतो. रावपुऱ्यात एका आजींकडे रोज दिवेलागणीला नेट जायचं आणि सकाळी परत यायचं. कंपनीचा माणूस दिवसा यायचा, सगळं ठीक दिसायचं, ‘संध्याकाळी लोड असतो’ म्हणून निघून जायचा. आजी वैतागल्या होत्या. मी मुद्दाम सहाला गेलो. ओएनटीत घातलेली फायबरची पिन काढून प्रकाशाची ताकद मोजणाऱ्या पॉवर मीटरला लावली, मायनस 20.5 डीबीएम. उत्तम. तेवढ्यात डास येतात म्हणून आजींनी खिडकी ओढून घेतली आणि माझ्या हातातला आकडा मायनस 29 वर गेला. उघडायला लावली, पुन्हा 20.5. वायर खिडकीच्या चौकटीतून आत आणली होती आणि सागवानी झडप तिला रोज रात्रभर चिमटीत धरत होती. भोक पाडून वायर भिंतीतून घेतली. आजींनी मला शिरा खाऊ घातला आणि कंपनीला जे बोलायचं ते माझ्यासमोरच बोलून घेतलं.

त्या आकड्याचा अर्थ असा. आकडा दर 3 डीबीनं (प्रकाशाची घट मोजायचं माप) खाली गेला की प्रकाश निम्मा होतो. गल्लीतल्या एका फायबरचे स्प्लिटरनं बत्तीस वाटे केले की तिथेच साधारण 17 डीबी जातात. नेहमीच्या जीपॉन (घरगुती फायबरची प्रचलित पद्धत) ओएनटीला मायनस 27 पर्यंत दिसतं, पुढे लाल दिवा. तुमच्याकडे मायनस 18 ते 22 आलं तर निर्धास्त राहा. 25 आलं तर तेव्हाच हुज्जत घाला, कारण पुढे धूळ आणि ऊन त्यात भरच घालणार. बसवणाऱ्याला ‘पॉवर किती येतेय, दाखवा’ एवढंच म्हणा. म्हटलं की त्याचं काम आपोआप नीट होतं.

टोकाला फास्ट कनेक्टर दाबून बसवतात, त्यापेक्षा पिगटेल (तयार पिन असलेला फायबरचा तुकडा) मशीनवर स्प्लाइस करून, म्हणजे वितळवून जोडून, छोट्या टर्मिनेशन बॉक्समध्ये ठेवायला सांगा. हिरवी पिन हिरव्यातच. हिरवीचं टोक 8 अंशांत तिरपं घासलेलं असतं, निळीचं सरळ. एकमेकांत घातल्या तर बसतात, पण मध्ये फट राहते. टोकावर फुंकर मारू नका, शर्टाला पुसू नका. आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि तंतू न सुटणारा कागद वापरा. आत डोकावून तर मुळीच पाहू नका. तो लेझर डोळ्याला दिसत नाही, पण डोळ्यापर्यंत पोचतो. छाटलेले काचेचे तुकडे चिकटपट्टीवर उचलून फेका, वाड्यात मुलं अनवाणी फिरतात.

ओएनटीचा डबा काकांच्या ऑफिसात बसवायचा मोह होईल. 2024 च्या ऑगस्टमध्ये विश्वामित्री नदीचं पाणी शहरात शिरलं तेव्हा तळमजल्यांवरचे किती स्विच मी चिखलातून काढले ते विचारू नका. डबा पहिल्या मजल्यावर, आणि ऑफिसला तिथून खाली वायर. भिंतीतलं भोक बाहेरच्या बाजूला उतरतं पाडा, म्हणजे पावसाचं पाणी आत येणार नाही.

आणि ड्रॉप वायर गच्चीच्या कठड्यावरून आणू देऊ नका. उत्तरायणाला, म्हणजे संक्रांतीला, मांजा तिच्यात अडकतो, पलीकडून कोणीतरी पतंगासाठी हिसका देतो, आणि 16 जानेवारीला माझा फोन दिवसभर वाजत असतो. बसवणारे शेजारच्या गच्चीवरूनच वायर फेकायला बघतील, कारण ते दहा मिनिटांचं काम. भिंतीवरून क्लिपा मारत आणायला लावा. चहा पाजा हवं तर, पण लावाच.