एमआरआयमध्ये ‘रिंग एन्हान्सिंग लिजन’ आलं म्हणजे मेंदूचा कॅन्सरच असतो का?

नाही. लिजन म्हणजे त्या जागचा मेंदू आजूबाजूसारखा दिसत नाही, एवढंच. ‘रिंग एन्हान्सिंग’ म्हणजे शिरेतून औषध सोडल्यावर त्या जागेची कड कड्यासारखी उजळते. जुन्या पक्षाघाताचा व्रण, टीबीची गाठ, ट्यूमर, सगळ्यांना तोच शब्द लावतात. तुमच्या भावाच्या रिपोर्टातलं ‘रिंग’ वाचलं आणि लिहिल्याशिवाय राहवेना.

माझ्या लग्नाला आठ महिने झाले होते. बायको भाकऱ्या थापत होती. डाव्या हाताला झटके सुरू झाले आणि ती परातीवरच कोसळली. काकांनी नाकाला चप्पल लावली. त्याने काही होत नाही. कुशीवर वळवायचं, तोंडात काही कोंबायचं नाही, पाच मिनिटांत फिट थांबली नाही तर सरळ दवाखाना. एमआरआयमध्ये उजवीकडे १२ मिलिमीटरचं कडं निघालं, आत एक ठिपका. डॉक्टरांनी ठिपक्यावर पेन ठेवून सांगितलं, हे अळीचं डोकं. न्यूरोसिस्टिसरकोसिस, म्हणजे मेंदूत जंताची अळी. अळी मरायला लागली की शरीर तिच्यावर तुटून पडतं, सूज येते आणि त्या सुजेने फिट येते.

‘डुकराच्या मांसातला जंत’ असं कुणीतरी मोबाइलवर वाचलं. काका सगळ्यांसमोर म्हणाले, “आपल्या घरात अंडंसुद्धा येत नाही. हे माहेरून आलंय.” ती मालवणकडची, माशांवर वाढलेली. डुक्कर तिने आयुष्यात चाखलेलं नाही. तीन दिवस ती आमच्यासोबत जेवायला बसली नाही.

आणि खाल्लं असतं तरी काका चूकच होते. डुकराचं अर्धंकच्चं मांस खाल्लं तर पट्टकृमी (चपटा लांब जंत, टेपवर्म) होतो तो आतड्यात. मेंदूत अळी होते ती पट्टकृमीची अंडी पोटात गेल्याने, आणि ती अंडी येतात पट्टकृमी असलेल्या माणसाच्या विष्ठेतून: न धुतलेले हात, घाण पाण्यावरची कोथिंबीर. कोबीतल्या हिरव्या अळीचाही काही संबंध नाही. न्यूयॉर्कमधल्या सनातनी ज्यू कुटुंबांत, जिथे डुकराचं नावही वर्ज्य, हाच आजार निघाला होता. १९९२ साली ते प्रसिद्ध झालं. माग निघाला तो घरकामाला असलेल्या, लॅटिन अमेरिकेतून आलेल्या बायकांपर्यंत. शाकाहाराने माणूस यातून सुटत नाही.

आधी डोळ्यांचा पडदा तपासला, मग जंतावरचं औषध अल्बेंडाझोल, सोबत स्टेरॉइड आणि फिटची गोळी. सहा महिन्यांनी कडं विरलं, खसखशीएवढा चुन्याचा ठिपका उरला. त्या ठिपक्यामुळे फिटची गोळी जास्त दिवस चालू ठेवावी लागली.

पण तुमच्या भावाचं हेच असेल असं धरून चालू नका. टीबीची गाठ जवळजवळ अशीच दिसते आणि तिचे उपचार वेगळे. अल्बेंडाझोल दुकानातून आणून देऊ नका. गाठ दोन सेंटिमीटरहून मोठी असेल, डोकेदुखी-उलट्या वाढत असतील किंवा हातपाय लुळा पडत असेल तर न्यूरॉलॉजिस्टकडे आजच जा.

अळीच निघाली तर घरातल्या सगळ्यांची शौच तपासून घ्या, कारण अंडी जवळच्याच कुणाकडून आलेली असू शकतात. आमच्याकडे डॉक्टरांनी सहाही जणांना सांगितलं होतं. पाच जणांनी केली. काकांनी अजून केलेली नाही.