जन्मदातीच्या दारात कॅमेरा?

परळला दत्तक कुटुंबांचं समुपदेशन करते. तेच तेच विचारलं जातं म्हणून एकदाच लिहून टाकते.

प्र. ताई, मी २९ वर्षांची, दत्तक आलेली. स्वतःच्याच घरावर डॉक्युमेंटरी करतेय. एक डिटेक्टिव्ह खऱ्या आईचा पत्ता काढून देतो म्हणतोय. टीम घेऊन सरळ गेले तर? रिॲक्शन ओरिजिनल मिळेल.

उ. अजिबात नाही. आणि ते 'खरी आई' आधी सोडा, रोज डबा भरून दिला ती मग खोटी का? जन्मदाती म्हणा. कितीतरी जणींनी लग्नाआधीचं बाळंतपण लपवून, संस्थेत सही करून बाळ सोपवलंय, आज ती कुणाची तरी सासू असेल, नवऱ्यालाही पत्ता नसेल, आणि तुम्ही चाळीच्या गॅलरीत माईक घेऊन उभ्या, अख्खा मजला बाहेर! ती दार लावून घेईल तो शॉट फेस्टिवलला गाजेल हो, पण त्या दाराआड तिचं काय? मूळ शोधायचा हक्क तुमचा आहेच, १८ नंतर स्वतः 'कारा'कडे (केंद्राचं दत्तक प्राधिकरण) नाहीतर दत्तक दिलेल्या संस्थेकडे अर्ज करता येतो, पण तो जन्मदात्यांच्या गोपनीयतेवर पाय देऊन नाही, हे नियमातच लिहिलंय. तिऱ्हाइताला तर हा शोध घ्यायचीच परवानगी नाही, मग हा डिटेक्टिव्ह माहिती कुठून आणणार, कुणाला तरी पैसे चारून नाहीतर थापा मारून. ॲडव्हान्स दिला असेल तर गेला समजा. आधी अर्ज, समुपदेशन, आणि तिचा होकार आलाच तरी पहिली भेट कॅमेऱ्याशिवाय. फिल्म जरूर करा, तुमची फाइल आहे, कोर्टाची ऑर्डर आहे, आईबाबा आहेत, त्यांना कधी बसवून विचारलंय का? शूटिंगआधी वकिलालाही भेटा.

प्र. बालगृहातल्या मुलांचे शॉट घेऊ का?

उ. ओळख पटेल असं काहीही नको. जेजे ॲक्ट (बाल न्याय कायदा), कलम ७४: सहा महिन्यांपर्यंत कैद, २ लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही.

प्र. मुलगा १६ चा आहे, त्याला मूळ शोधता येईल?

उ. तुम्ही त्याच्यासोबत अर्ज केलात तर.

प्र. डीएनए किटची जाहिरात बघितली, नातेवाईक सापडतात म्हणे?

उ. तुमच्या रक्ताच्या कुणीतरी त्याच कंपनीला थुंकी पाठवली असेल तर. नाहीतर पूर्वज कुठल्या भागातले किती टक्के, असा नुसता रंगीत गोल तक्ता येतो, तो फ्रेम करून लावा.

प्र. मुलगी ११ वर्षांची, दत्तक असल्याचं सांगितलेलं नाही. दहावी झाली की सांगू म्हणतोय.

उ. तोवर सोसायटीतली एखादी काकू लिफ्टमध्ये बोलून मोकळी होईल. मुलगी तीन वर्षांची असतानाच गोष्टीतून सांगायचं होतं. आता या आठवड्यातच समुपदेशकाकडे जा, दोघंही, आणि पहिल्या खेपेला तिला नेऊ नका.